बांधाआडची शेते

पणजी हे शहर बेटावर वसले आहे, हे तिथे पोचणाऱ्याच्या सहसा लक्षात येत नाही. फोंड्याकडून येणारी बस बाणस्तारीचा पूल ओलांडते, खिडकीतून क्षणभर हिरवट पाणी आणि दोन्ही काठांची खारफुटी दिसते, आणि बस जुन्या गोव्याकडे निघून जाते. ते पाणी कुंभारजुव्याचे. उत्तरेला मांडवी, दक्षिणेला जुवारी, पश्चिमेला समुद्र, आणि पूर्वेच्या अंगाने या दोन नद्यांना जोडणारा हा सुमारे १५ किलोमीटरचा वळणावळणाचा प्रवाह. त्याच्यामुळेच तिसवाडीला, म्हणजे ज्यात पणजी येते त्या तालुक्याला, चारही बाजूंनी पाण्याचा वेढा पडला. नकाशावर त्याला कालवा म्हटलेले असते, पण हा नैसर्गिक प्रवाह आहे. समुद्राची भरती त्यात दोन्ही तोंडांनी शिरते.

गोव्यात येणाऱ्यांपैकी थोडेच लोक या पाण्यावर जातात, आणि जे जातात ते बहुतेक मगर पाहायला. सकाळी निघून जेवणापर्यंत परत, अशी ही अर्ध्या दिवसाची फेरी असते. मगरी खरोखर दिसतात आणि त्या पाहण्यासारख्या आहेतच. तरीही या फेरीत जाणाऱ्या प्रत्येकाला मला आधी सांगावेसे वाटते, की मगर दिसली नाही तरी चालेल, पण बांध आणि मानस, म्हणजे बांधातली झडपांची दारे, पाहिल्याशिवाय परत येऊ नका. या काठांवर जे काही शांत, हिरवे आणि आपोआप असल्यासारखे दिसते, ते माणसांनी शेकडो वर्षे रोज राखलेले आहे.

आम्ही गेलो ते कार्तिकात. पाऊस सरला होता, हवेत गारवा यायचा होता. होडी लाकडी, वर कापडी छत, मागे छोटे इंजिन. तारी, म्हणजे होडीवाले, कुंभारजुव्याचेच, पन्नाशीचे, मोजके बोलणारे. सोबत डोंगरी गावचे एक निवृत्त शिक्षक होते. गावात सगळे त्यांना मास्तरच म्हणतात. त्यांच्या घराची शेती याच पाण्याच्या काठाला आहे आणि कुळांच्या संघटनेत त्यांनी अनेक वर्षे काम केले आहे. निघण्याची वेळ घड्याळ पाहून ठरली नव्हती, भरती पाहून ठरली होती. भरतीबरोबर आत जायचे आणि सुकती, म्हणजे ओहोटी, लागली की परतायचे. गोव्याच्या किनाऱ्यावर दिवसात दोन भरत्या आणि दोन ओहोट्या येतात, भरतीपासून ओहोटीपर्यंत साधारण सहा तास. अर्ध्या दिवसात पाणी चढताना आणि उतरताना, दोन्ही पाहून होते, म्हणूनही ही फेरी अर्ध्या दिवसाचीच असावी.

जुन्या गोव्याच्या धक्क्यावरून निघालो तेव्हा समोर दिवाडी बेटाची फेरीबोट माणसे आणि स्कूटर घेऊन येत होती. दिवाडीवर सप्तकोटेश्वराचे मूळ स्थान होते. कदंबांचे हे कुलदैवत. पोर्तुगीजांनी देऊळ पाडल्यावर लिंग नदीपलीकडे डिचोलीतल्या नार्व्याला गेले, आणि १६६८ मध्ये शिवाजी महाराजांनी तिथल्या देवळाचा जीर्णोद्धार केला. फेरीबोटीने दिवाडीहून नार्व्याला आजही जाता येते. मांडवीचे पात्र इथे ऐसपैस आहे. मात्र दिवाडी मागे टाकून होडी कुंभारजुव्याच्या पाण्यात वळली की काठ एकदम जवळ येतात. वाऱ्याचा आवाज बदलतो. पाण्यात उतरलेल्या खारफुटीच्या मुळ्यांमधून भरती आत जाताना बारीक चुबूकचुबूक ऐकू येते. तारींनी इंजिनाचा वेग कमी केला आणि म्हणाले, "पयलीं उदक पळयात, मागीर मानगें दाखयतां." आधी पाणी पाहा, मग मगर दाखवतो.

पाणी चढत होते. पाऊण तासात ते काठावरच्या जांभ्या दगडांच्या वरच्या रांगेशी आले, आणि मग मास्तरांनी मला होडीत उभे राहायला सांगितले. बांधावरून पलीकडे नजर गेली. पलीकडे शेत होते, काही भागात कापणी झालेले, काही भागात पिकून वाकलेले, आणि ते सगळे आमच्या होडीच्या पातळीच्या खाली होते. अलीकडे खारे पाणी, पलीकडे त्याहून खालच्या अंगाला भात, आणि मध्ये दगडमातीची एक भिंत, जिच्यावरून एक बाई डोक्यावर भारा घेऊन चालली होती.

याला खाजन म्हणतात. गोव्यात अशी जमीन सुमारे १८ हजार हेक्टर आहे, आणि तिसवाडीच्या या पूर्वेच्या काठावर, डोंगरी, मांडूर, नेवरे, आजोशी या गावांतून, ती सलग पसरलेली आहे. मूळची ही भरतीने बुडणारी दलदल. तिच्याभोवती बांध घालून लोकांनी ती शेतीखाली आणली. केव्हापासून? बांदिवड्याला सापडलेल्या राजा अनिर्जितवर्म्याच्या ताम्रपटात खाजन जमिनीचा उल्लेख आहे, म्हणजे दीड हजार वर्षांच्या आसपास तरी हे काम चालू आहे. पोर्तुगीज आले तेव्हा ही व्यवस्था जुनी होऊन गेली होती. गावाची जमीन गावकरांच्या संस्थेच्या मालकीची, बांधांची देखभाल सामाईक, खर्च सामाईक, उरलेल्यात वाटणी. ही गावकरी इतकी घट्ट होती की नव्या राज्यकर्त्यांना ती मोडता आली नाही. १५२६ मध्ये पोर्तुगीज अधिकारी आफोंसो मेशियाने तिसवाडीच्या गावांचे रीतिरिवाज लिहून काढले आणि त्या सनदेवर पुढची शतके कारभार चालला. पोर्तुगीजांनी गावकरीला कोमुनिदाद हे नाव दिले, ते आजही वापरात आहे.

बांध नुसता असून भागत नाही. पावसाळ्यात डोंगरावरून येणारे पाणी बाहेर काढायला वाट हवी, आणि त्याच वाटेने समुद्राचे पाणी आत शिरता कामा नये. त्यासाठी मानस. आम्ही एका मानशीपाशी होडी लावली. जांभ्याच्या जाड भिंती, मध्ये पाण्याच्या वाटा, आणि त्या वाटांवर लाकडी झडपा. यंत्र नाही, वीज नाही, सुटीचा दिवस नाही. नदीचे पाणी चढले की त्याच्या दाबाने झडपा मिटतात. ओहोटीला नदी खाली गेली की आतल्या पाण्याचा दाब त्यांना बाहेर ढकलतो आणि साचलेले पाणी वाहून जाते. आम्ही गेलो तेव्हा भरती पूर्ण होत आली होती आणि झडपा गच्च मिटल्या होत्या, फटीतून केसाएवढी धार तेवढी आत जात होती. ती धार मास्तर बराच वेळ वाकून पाहत होते. "लाकूड आता बदलायला हवं," ते म्हणाले. "एवढी धार चालते. बोटाएवढी झाली की शेत खारावतं."

खाजनातले भातही वेगळे. कोरगुट आणि आसगो ही इथली जुनी वाणे थोडाफार खार सोसतात. जूनच्या पहिल्या सरी जमिनीतले मीठ धुऊन काढतात, ते पाणी मानशीतून बाहेर जाते, मग पेरणी. पाऊस वेळेवर आला नाही तर मीठ धुतले जात नाही आणि पेरणी खोळंबते. कापणी झाल्यावर मात्र खारे पाणी बेताने आत घेतात. त्याबरोबर सुंगटे, शेवटे, काळुंद्रे, चणक आत येतात आणि शेतातल्या खोलगट भागात वाढतात. खाऱ्या पाण्याने तण मरते आणि उन्हाळ्यात बांधांना भेगा पडत नाहीत. ओहोटीच्या वेळी मानशीच्या तोंडाशी पिशवीसारखे जाळे लावले की मासळी त्यात येते. या मासेमारीचा हक्क लिलावाने दिला जातो, आणि त्या पैशातून पूर्वी बांध दुरुस्त होत असे. मला या रचनेचे सर्वांत अप्रूप वाटते ते इथे. पावसाळ्यात भात, उन्हाळ्यात मासळी, आणि मासळीच्या पैशातून पुढच्या भाताचे रक्षण. तीन गोष्टी एकमेकींवर तोलून धरलेल्या, आणि तोल सांभाळायला कुणी एक राजा नाही, गावच आहे.

तारींनी होडी पुन्हा सोडली. बाणस्तारीचा पूल जवळ येत होता. वरून ट्रक जात होते आणि खाली आमच्या शेजारून एक माणूस छोट्या होडीतून पागेर, म्हणजे फेकायचे जाळे, टाकत चालला होता.

बाणस्तारी आज गुरुवारच्या बाजारासाठी ओळखली जाते. १५१२ मध्ये मात्र इथे तोफा चालल्या होत्या. पोर्तुगीज गव्हर्नर आफोंसो द आल्बुकेर्क मलाक्याच्या मोहिमेवर असताना आदिलशाही फौजेने हा उतार अडवून ठेवला होता. परत आल्यावर त्याने वेढा घालून आदिलशाही सरदार रसूलखानाकडून तो घेतला. पुढे दोनशे वर्षांहून अधिक काळ हे पाणी म्हणजे सरहद्द होती. या काठाला पोर्तुगीजांची तिसवाडी, त्या काठाला फोंडे, आधी आदिलशाही, मग मराठे, मग सौंध्याचे राजे. प्रत्येक उतारावर चौकी होती. १५८३ ते १५८८ या काळात गोव्यात राहिलेला डच प्रवासी लिन्सखोटेन लिहितो, की पलीकडे जाणाऱ्या इथल्या लोकांच्या उघड्या दंडावर शिक्का उमटवत आणि परतताना तो दाखवावा लागे. बाजाराला जाऊन यायचे तरी दंडावर शिक्का.

आणि याच सरहद्दीमुळे फोंडा तालुका देवळांचा झाला. देवळे पाडली जाऊ लागली तेव्हा साष्टी आणि तिसवाडीतले लोक आपापले देव होड्यांत घालून पाण्यापलीकडे गेले. कुशस्थळीचा मंगेश १५६० मध्ये जुवारी ओलांडून प्रियोळला आला. वेरण्याची म्हाळसा म्हार्दोळला आली. ज्या मंगेशीच्या दर्शनाला महाराष्ट्रातून रोज गाड्या येतात ते देऊळ या पाण्यापासून फार दूर नाही. रस्त्याने मंगेशीला गेलेल्या माणसाला देव तिथे का आला हे समजायला एखादी पाटी वाचावी लागते. होडीतून दोन्ही काठ पाहिले की वेगळे सांगावे लागत नाही: पलीकडचा काठ किती जवळ होता आणि तरी किती वेगळा होता, हे डोळ्यांना दिसते.

उत्तरेच्या तोंडाशी सांत इस्तेव हे बेट आहे, लोकांच्या तोंडी जुवे. भाज्यांसाठी, विशेषतः सात शिरांच्या लांब भेंडीसाठी, ते प्रसिद्ध आहे. नोव्हेंबर १६८३ मध्ये संभाजी महाराजांच्या सैन्याने रात्री पाणी ओलांडून तिथला किल्ला घेतला. जुन्या गोव्याच्या इतक्या जवळ मराठे आल्याने विजरई कोंद द आल्व्होर स्वतः सैन्य घेऊन गेला, त्याचा पराभव झाला आणि तो जेमतेम जिवानिशी परतला. मग त्याने सेंट फ्रान्सिस झेवियरच्या शवपेटीपाशी आपला राजदंड ठेवून शहर त्याच्या हवाली केले. ही हकिगत आपल्याकडे घोडदळ आणि तलवारींच्या वर्णनात सांगितली जाते. ती चिखलाची, भरतीओहोटीची आणि होड्यांचीही आहे. या पात्रातून एकदा गेल्यावर ती वेगळी वाचता येते.

बाणस्तारी ओलांडली आणि भरती थांबली. काही मिनिटे पाणी कुठेच जात नव्हते, होडीसमोरचे एक पान जागच्या जागी फिरत राहिले. मग ते उलट्या दिशेने सरकू लागले. "सुकती," तारी म्हणाले, आणि होडी एका झाडाच्या सावलीत बांधून त्यांनी डबा उघडला. कोरगुटाची पेज, सुक्या सुंगटांची किसमूर, कैरीचे लोणचे. तांबूस, जाडसर दाणा, चव मातकट गोड. मास्तर म्हणाले की बाजारात हा तांदूळ आता मिळतो, पण भाव असा की पिकवणाऱ्यांच्याच घरी तो कमी शिजतो.

परतीच्या वाटेवर चिखल उघडा पडला होता. चिखलातली भोके, खुबे, लाल नांगीचे खेकडे, चिखलावर उड्या मारणारे निवट्यांसारखे मासे. पाणकावळे पंख वाळवत बसलेले. ब्राह्मणी घार, खंड्या, तुतवार, वंचक. आणि मग तारींनी काही न बोलता हात वर केला. एका उतरत्या काठावर मगर होती. आधी ओंडकाच वाटला. साधारण आठ-नऊ फूट, जबडा अर्धा उघडा, उन्हात स्थिर. ही आपल्या तळ्यांतली, गोड्या पाण्यातली मगर, पण इथे ती खाऱ्या-गोड्याच्या मिसळीत, खारफुटीच्या आडोशाला पिढ्यानपिढ्या राहते. मगरींना शहराच्या रक्षणासाठी या पाण्यात सोडले होते, अशी एक गोष्ट इथे सांगतात. आदिलशहाने सोडल्या असे कुणी म्हणते, कुणी पोर्तुगीजांचे नाव घेते.

मगरीविषयी मला अधिक मोलाची वाटते ती फोंड्याच्या बाजूची एक रीत. पौष अमावास्येला दुर्भाट परिसरातले गावडे समाजाचे लोक खाजनाच्या काठी चिकणमातीची मगर घडवतात. अंगावर शिंपल्यांचे खवले, तोंडात काड्यांचे दात. तिची पूजा होते. याला मानगे थापणी म्हणतात. बांधाचे आणि बांधावर काम करणाऱ्या माणसांचे तिने रक्षण करावे, असे मागणे असते. चिखलात कमरेएवढे उतरून जो बांध लिंपतो त्याला मगरीशी सलोखा हवाच. वन्यजीव कायदा १९७२ चा, त्याने मगरीला पहिल्या परिशिष्टात जागा दिली. पण या काठावर तिला अभय त्याच्या फार आधीपासून आहे.

कुंभारजुव्याच्या धक्क्याजवळून जाताना तारींचा चेहरा प्रथमच फुलला. गणेश चतुर्थीनंतर सातव्या दिवशी इथे सांगोड असते. दोन होड्या शेजारीशेजारी बांधून वर फळ्यांचा मंच करतात, त्यावर पौराणिक, ऐतिहासिक, हल्ली सामाजिक देखावे, आणि असे कितीतरी सांगोड ढोलताशांच्या गजरात पाण्यावरून फिरतात. मग विसर्जन. त्या दिवशी दोन्ही काठ माणसांनी भरतात. तारींनी तरुणपणी एका देखाव्यात अफझलखानाचे काम केले होते. होडी हलली तरी पडायचे नाही, एवढीच तालीम दिली होती, असे ते म्हणाले, आणि त्या सबंध सकाळी ते त्याहून अधिक काही बोलले नाहीत.

आता जे पाहिले ते सांगायला जड जाते. परतताना ओहोटीमुळे बांधांचे पाय उघडे पडले होते, आणि कित्येक ठिकाणी दगड निखळून आतली माती वाहून गेलेली दिसत होती. एका ठिकाणी बांधच नव्हता. तिथे खारफुटी आत, शेताच्या जागी, उभी होती. खारफुटी बांधाच्या बाहेर असली तर लाटा झेलते आणि बांधाला राखते. तीच आत उगवली म्हणजे शेत गेले असे समजायचे. एकदा ती तिथे रुजली की कायद्याने संरक्षित होते आणि पुन्हा शेत करणे जवळजवळ अशक्य होते.

हे का झाले, याची कारणे मास्तर रागावून सांगत नव्हते, एकेक मोजत होते. लोहखनिजाची बार्ज वाहतूक हे एक. पावसाळ्यात मांडवीच्या मुखाशी वाळूचा दांडा वाहतूक बंद पाडतो, तेव्हा बार्ज मुरगावला जायला या आतल्या वाटेने येत. हजारो टन ओझ्याच्या बार्जची लाट नेमकी पावसाळ्यात, बांध भिजून मऊ झालेले असताना, त्यांवर आदळे. २०१२ मध्ये खाणी थांबल्या, मध्ये काही काळ सुरू झाल्या, २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने परवाने रद्द केल्यावर पुन्हा थांबल्या. २०१६ च्या राष्ट्रीय जलमार्ग कायद्यात कुंभारजुवे २७ क्रमांकाने, मांडवी आणि जुवारीसह, नोंदले गेले, आणि तेव्हापासून काठच्या गावांत धास्ती आहे.

दुसरे कारण अधिक नाजूक. १९६४ चा कूळ कायदा आणि पुढे १९७६ ची दुरुस्ती यांनी कसणाऱ्याला जमिनीचा हक्क दिला. तो न्यायच होता, मास्तरांच्या घरालाही त्यानेच जमीन मिळाली. पण बांधाची जबाबदारी गावकरीकडून कुळांच्या संघटनांकडे आली तेव्हा सामाईक कामाची जुनी शिस्त सोबत आली नाही. काही संघटना जागत्या राहिल्या, काही फक्त लिलावापुरत्या उरल्या. आणि लिलाव हे तिसरे कारण. सुंगटांचे भाव चढले, तशी बोली चढली. मोठी बोली देणाऱ्याला मानस वर्षभर उघडी हवी असते. झडप उघडी राहिली की मासळी वाढते आणि भात मरते. २०११ च्या किनारी नियमन अधिसूचनेत गोव्याच्या खाजन जमिनींच्या संरक्षणाची वेगळी तरतूद आहे. पण रात्री झडपेखाली दगड कुणी अडकवला, हे पाहायला बांधावर माणूस लागतो. असा राखणदार पूर्वी गावाच्या पगारावर असे.

तरुण शेतीत नाहीत, हे मास्तर शेवटी म्हणाले. त्यांचा स्वतःचा मुलगा जहाजावर आहे. पण सुटीवर आला की तो बांधावर येतो, आणि त्याला मानशीची झडप बसवता येते.

मधल्या एका वळणावर पर्यटकांची मोठी बोट समोरून वेगात आली. तिच्या लाटेने आमची होडी डोलली आणि मागून काठावर पाण्याचा फटका बसल्याचा आवाज झाला. मास्तरांनी त्या काठाकडे पाहिले. आमच्या तारींनी बांधाजवळ आल्यावर दर वेळी इंजिन मंद केले होते. हे त्यांना कुणी शिकवले नव्हते. या पाण्यावर जाणाऱ्यांनी होडीवाल्याकडे एवढी एकच मागणी करावी, की बांधाजवळ हळू.

सकाळच्याच मानशीपाशी पुन्हा थांबलो. आता झडपा उघड्या होत्या आणि शेतातले पाणी धो धो नदीत पडत होते. एक बगळा भिंतीवर उभा राहून त्या धारेतली मासळी टिपत होता. मास्तर चप्पल काढून भिंतीवर उतरले, पाण्यात हात घालून खालचे दगड चाचपले, आणि कुठला सैल आहे ते तारींना दाखवले. येत्या अमावास्येच्या उधाणात ओहोटी सर्वांत खाली जाईल आणि पायथ्याचा चिखल दोन-तीन तास उघडा पडेल. तेवढ्यातच तो दगड बसवायचा आहे. सुतार मांडूरचा, तो आपली फळी घेऊन येईल. दगड होडीने आणावे लागतील, रस्ता इथवर येत नाही. तारींनी कोणत्या वेळी येऊ ते विचारले. मास्तरांनी खिशातून भरतीओहोटीचे पंचांग काढले आणि दोघे त्यावर वाकले.